टोक्लस, ॲलिस बी.

(३० एप्रिल १८७७ – ७ मार्च १९६७). अमेरिकन लेखिका गर्ट्रूड स्टाइन (१८७४–१९४६) यांच्या जवळजवळ चार दशकांच्या सहचरी. त्यांच्या लेखनाच्या टंकलेखिका, मुद्रितशोधक व काही काळ प्रकाशक. पूर्ण नाव ॲलिस बाबेट टोक्लस. जन्म सॅन फ्रान्सिस्को येथे, पोलिश-ज्यू वंशाच्या सुस्थित कुटुंबात. काही काळ सिॲटल येथे संगीताचे शिक्षण झाले. १८९७ मध्ये आई वारल्यावर घरातील पुरुष मंडळींचा संसार त्यांच्याकडे आला. १९०६ च्या भूकंपानंतर स्टाइन यांचे बंधू मायकेल व भावजय सेरा हे मालमत्तेच्या पाहणीसाठी पॅरिसहून सॅन फ्रान्सिस्कोला आले. त्यांच्यासोबत फ्रेंच चित्रकार मातिसची चित्रे होती. या ओळखीतून टोक्लस पुढच्या वर्षी पॅरिसला गेल्या आणि ८ सप्टेंबर १९०७ रोजी त्यांची गर्ट्रूड यांच्याशी भेट झाली. १९०९-१० च्या सुमारास त्या ‘२७, र्‍यू द फ्लरस’ या स्टाइन यांच्या घरी कायमच्या राहायला आल्या. पिकासो, मातिस आदींच्या चित्रांमुळे हे घर प्रसिद्ध होते.

स्टाइन यांच्या ‘द मेकिंग ऑफ अमेरिकन्स’ या प्रचंड कादंबरीसाठी टोक्लस टंकलेखन शिकल्या. स्टाइन रात्री वह्यांतून लिहीत. त्यांचे दुर्बोध अक्षर लावून टोक्लस सकाळी टंकप्रत करीत. पहिल्या महायुद्धात दोघींनी जखमी फ्रेंच सैनिकांसाठीच्या अमेरिकन मदतसंस्थेमार्फत फोर्ड मोटारीतून रुग्णालयांना साहित्य पुरवले. स्टाइन यांच्या पुस्तकांना प्रकाशक मिळेना, तेव्हा १९३० च्या सुमारास पिकासोचे ‘पंखा घेतलेली स्त्री’ हे चित्र विकून ‘प्लेन एडिशन’ ही प्रकाशनसंस्था काढली गेली. तिचा कारभार टोक्लस पाहत. तिची पाच पुस्तके निघाली.

*आत्मचरित्राचे कर्तृत्व* : ‘द ऑटोबायोग्राफी ऑफ ॲलिस बी. टोक्लस’ (१९३३) हे पुस्तक टोक्लस यांच्या तोंडून सांगितलेले, पण स्टाइन यांनी लिहिलेले आहे. पहिल्या आवृत्तीवर लेखिकेचे नाव नव्हते. शेवटच्या परिच्छेदात, इंग्रज कादंबरीकार डीफोने रॉबिन्सन क्रूसोचे आत्मचरित्र लिहिले तसे आपण हे लिहीत आहोत, असे स्टाइन यांचे म्हणणे उद्धृत करून उलगडा केला आहे. स्टाइन यांच्या म्हणण्यानुसार हे लेखन १९३२ च्या शरदात बिलिन्यँ या खेड्यात सुमारे सहा आठवड्यांत झाले. त्याची सरळ, खेळकर शैली स्टाइन यांच्या तोपर्यंतच्या लेखनापेक्षा इतकी निराळी आहे, की ती टोक्लस यांच्या बोलण्याची मानली जाते. समीक्षक रिचर्ड ब्रिजमन यांनी १९७० मध्ये, या संहितेतील टोक्लस यांचा वाटा स्वीकृत समजुतीपेक्षा मोठा असू शकेल, असा विचार मांडला. याउलट येल विद्यापीठातील हस्तलिखित स्टाइन यांच्या हातचे असून त्यात टोक्लस यांच्या दुरुस्त्या आढळतात. टोक्लस यांचे स्वतःचे ‘व्हॉट इज रिमेम्बर्ड’ (१९६३) हे कोरडे, त्रोटक आत्मकथन या वादात, टोक्लस असे पुस्तक लिहू शकल्या नसत्या याचा पुरावा म्हणून पुढे केले जाते. परंतु ते उतारवयात, दृष्टी अधू झाल्यावर झालेले असल्याने त्यावरून १९३२ च्या टोक्लस यांच्या कुवतीचा निर्णय करणे धाडसाचे होईल. रचना स्टाइन यांची, स्वर व तपशिलाचा भांडार टोक्लस यांचा, असे मानणे हस्तलिखिताच्या पुराव्याशी अधिक जुळते. पुस्तकातील विधानांना मातिस व ब्राक हे चित्रकार, कवी त्झारा आदींनी १९३५ मध्ये जाहीर हरकत घेतली होती. त्यामुळे टोक्लस यांच्या चरित्राचे साधन म्हणूनही ते सावधपणे वापरावे लागते.

१९३२ मधीलच दुसरा प्रश्न स्टाइन यांच्या ‘स्टॅन्झाज इन मेडिटेशन’ या दीर्घकवितेच्या पाठाचा आहे. स्टाइन यांची १९०३ मधील जुनी कादंबरी १९३२ मध्ये हाती लागल्यावर त्यांच्या तरुणपणच्या मे बुकस्टेव्हर हिच्यावरील प्रेमाची हकिगत टोक्लस यांना समजली. स्टाइन यांच्या लेखनाच्या अभ्यासक उला डायडो यांनी हस्तलिखिते व टंकप्रती ताडून दाखवले, की कवितेतील ‘मे’ हा इंग्रजी शब्द जवळपास सर्वत्र खोडून तेथे ‘कॅन’ घातला आहे, आणि त्यामुळे ओळींचा अर्थ व लय बिघडली आहे. हा बदल टोक्लस यांच्या मत्सरापोटी, त्यांच्या आग्रहावरून झाला, हे डायडो यांचे अनुमान बहुतांशी स्वीकारले गेले आहे. १९५६ मध्ये बदललेलाच पाठ छापला गेला. मूळ पाठ पुनःस्थापित करणारी आवृत्ती येल विद्यापीठाने २०१२ मध्ये काढली.

दुसऱ्या महायुद्धात दोघी ज्यू असूनही फ्रान्समध्येच, प्रथम बिलिन्यँ व १९४३ पासून क्यूलो येथे राहिल्या. नाझी जर्मनीशी सहकार्य करणाऱ्या फ्रान्समधील व्हिशी राजवटीतील राष्ट्रीय ग्रंथालयाचे प्रमुख बेर्नार फाय यांनी आपण त्यांना संरक्षण दिल्याचे सांगितले. युद्धानंतर या सहकार्याबद्दल फाय यांना शिक्षा झाली आणि १९५१ मध्ये ते कैदेतून निसटले. त्यासाठी टोक्लस यांनी पैशांची मदत केल्याचे चरित्रकार सांगतात.

२७ जुलै १९४६ रोजी स्टाइन वारल्या. मृत्युपत्रानुसार मिळकतीचा हयातभर उपभोग टोक्लस यांना व पुढे वारसा पुतण्या ॲलन यांच्या घराण्याला होता. अप्रकाशित लेखनाचे येलमार्फत निघालेले आठ खंड (१९५१–५८) टोक्लस यांनी हयातीत पाहिले. १९६१ मध्ये त्या रोमला असताना वारसांच्या मागणीवरून चित्रे घरातून हलवून बँकेच्या तिजोरीत ठेवण्यात आली, आणि १९६४ मध्ये त्यांना ‘र्‍यू क्रिस्तीन’ येथील नंतरचे घरही सोडावे लागले. सहचरीच्या नात्याला कायद्यात स्थान नव्हते, याची ही परिणती होय. १९५७ मध्ये त्या कॅथलिक झाल्या होत्या. पॅरिस येथे निधन पावल्यावर पेर लाशेझ दफनभूमीत स्टाइन यांच्याजवळ त्यांचे दफन झाले; त्यांचे नाव त्याच थडग्याच्या शिळेच्या मागील बाजूस कोरले आहे.

‘द ॲलिस बी. टोक्लस कुक बुक’ (१९५४) हे पाककृतींतून सांगितलेले आठवणींचे पुस्तक त्यांचे सर्वांत यशस्वी लेखन. चित्रकार ब्रायन गायसिन यांनी पाठवलेली भांग-वर्गातील वनस्पती घातलेल्या ‘फज’ची कृती पहिल्या अमेरिकन आवृत्तीतून वगळली गेली, ब्रिटिश आवृत्तीत मात्र राहिली. तिच्यात चॉकलेट नाही. अंजीर, खजूर, बदाम, शेंगदाणे, मिरी, दालचिनी, जायफळ हे घटक आहेत. टोक्लस यांच्या नावाने पुढे रूढ झालेल्या ‘ब्राउनी’शी तिचे साम्य फारच थोडे. ‘स्टेइंग ऑन अलोन’ (१९७३) हा एडवर्ड बर्न्स यांनी संपादित केलेला पत्रसंग्रह १९४६ नंतरच्या आयुष्यासाठी सर्वांत भरवशाचा आहे. १९०७ पूर्वीच्या तीस वर्षांसाठी असे साधन नसल्याने त्या काळाची माहिती मुख्यतः दोघींनी नंतर लिहिलेल्या आठवणींवर आधारलेली आहे.