कल्पित विश्वातला तांबडा सूर्य आणि आमची रोहिणी

एखाद्या कल्पित विश्वात आभाळ व्यापून बसलेला तांबडा सूर्य दिसला की वाचकाला आपोआप कळतं, हे जग म्हातारं झालंय. सुपरमॅनच्या क्रिप्टन ग्रहाचंच बघा. हा नायक १९३८ साली आला तेव्हा त्याच्या मायभूमीच्या सूर्याचा रंग कोणता, याला कथेत महत्त्व नव्हतं. १९६० च्या सुमारास तो सूर्य लाल ठरला आणि पुढं त्याला ‘राव’ असं नाव मिळालं. काही कथांत तो राक्षसी तारा आहे, काहींत खुजा, पण लाली मात्र कायम आहे.

ही कल्पना त्याहून जुनी आहे. एच. जी. वेल्सच्या १८९५ सालच्या कादंबरीत कालयंत्रातला प्रवासी तीन कोटी वर्षं पुढं जातो, तेव्हा निर्जन समुद्रकिनाऱ्यावर त्याला प्रचंड, तांबडा, मंद झालेला सूर्य दिसतो. त्या काळी सूर्याची उष्णता कुठून येते हे कुणालाच माहीत नव्हतं. तो आकसतो, त्यातून ऊब निघते आणि काही कोटी वर्षांत तो निवून जाईल, असा हिशेब केल्व्हिनसारखे शास्त्रज्ञ मांडत. निखारा विझताना लाल होतो, तसा सूर्यही होणार. साहित्यातल्या म्हाताऱ्या लाल सूर्यामागं हा हिशेब आहे.

पुढं शास्त्र मात्र नेमकं उलटं बोलू लागलं. हर्ट्झस्प्रुंग आणि रसेल या खगोलशास्त्रज्ञांनी विसाव्या शतकाच्या आरंभी लाल ताऱ्यांत राक्षसी आणि खुजे असे दोन गट असल्याचं दाखवलं. १३ डिसेंबर १९२० रोजी माउंट विल्सनवरच्या १०० इंची दुर्बिणीला मायकेलसन आणि पीज यांनी २० फुटी तुळई जोडून काक्षीचा, म्हणजे पंचांगातल्या आर्द्रेचा, व्यास मोजला. तारा राक्षसी असतो म्हणजे किती, हे तेव्हा प्रत्यक्ष मापानं कळलं. पण रसेलच्या मते हे प्रचंड लाल तारे वृद्ध नव्हते, ती बाळं होती. आकसत तापत जातील आणि मग सूर्यासारखी होतील. मला या इतिहासातला हाच भाग सगळ्यांत विलक्षण वाटतो. कित्येक वर्षं कादंबरीतला लाल सूर्य म्हातारा होता आणि वेधशाळेतला तान्हा.

गाठ सुटली ती अणुकेंद्रातल्या ऊर्जेचं गणित हाती आल्यावर. गाभ्यातला हायड्रोजन संपला की गाभा आकसून आणखी तापतो, भोवतालच्या थरातला हायड्रोजन जळू लागतो आणि बाहेरचं आवरण फुगत जाऊन निवतं. फ्रेड हॉइल आणि मार्टिन श्वार्झशिल्ड यांनी १९५५ साली ही वाटचाल गणितानं सविस्तर मांडली. याच हॉइलचे विद्यार्थी जयंत नारळीकर. जन्म कोल्हापूरचा, म्हणजे आमच्या बेळगावपासून शंभरेक किलोमीटरवर. आपला सूर्यही सुमारे ५०० कोटी वर्षांनी असाच फुगेल.

म्हणजे शेवटी कादंबरीकार बरोबर ठरले? सगळे नाहीत. आर्द्रेचं वय जेमतेम कोटीभर वर्षं आहे आणि सूर्याचं ४६० कोटी. आर्द्रेचं वस्तुमान जास्त, म्हणून तिचं इंधनही झपाट्यानं संपलं. अशा महाराक्षसी ताऱ्याभोवती युगायुगांची संस्कृती वसवणारा लेखक चुकतो, कारण तिथं जीव रुजायलाही वेळ मिळालेला नसतो. जुनं जग हवं असेल तर रोहिणीसारखा, कमी वस्तुमानाचा आणि म्हणून खरोखर म्हातारा झालेला लाल राक्षसी तारा घ्यावा.

रंगाची चूक तर जवळजवळ सगळेच करतात. आमच्या बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीतल्या फौंड्रीत काम केलेल्याला हे लगेच पटेल: लोखंड आधी लाल होतं, मग नारिंगी, मग पिवळं; लाल म्हणजे त्यातल्या त्यात थंड. पण ताऱ्याचं ‘थंड’ निराळं. रोहिणीचा पृष्ठभाग साडेतीन हजार अंश सेल्सिअसच्या पुढं आहे, जुन्या पिवळ्या बल्बच्या तारेपेक्षाही तापलेला. तिच्या उजेडात जग रक्तासारखं लाल दिसणार नाही. जुन्या स्वयंपाकघरात बल्बखाली दिसायचं तसं पिवळसर, उबदार दिसेल. सूर्याच्या जागी ती असती तर क्षितिजापासून डोक्यापर्यंतच्या अंतराचा चौथा भाग तिनं व्यापला असता. तिचा प्रकाश सूर्याच्या चारशेपटीहून जास्त, तेव्हा ते बघायला इथं कुणी उरलं नसतं.

रोहिणी या शब्दातच तांबडेपण आहे. दक्षाच्या सत्तावीस लेकींतली ही चंद्राची लाडकी, आणि ती खरोखरच त्याच्या वाटेवर आहे. चंद्र अधूनमधून तिला झाकून टाकतो. आपल्या जुन्या कल्पित विश्वातला हा राक्षसी तारा मरणाचा नाही, प्रेमाचा आहे.

आणि पेरणीचाही. खानापूर, बेळगाव तालुक्यांत भाताची धूळवाफ पेरणी रोहिणीत होते. २५ मेच्या सुमारास सूर्य त्या नक्षत्रात शिरतो. वळीव पडून गेलेला असतो, माती भुसभुशीत झालेली असते, मिरगाआधी बियाणं जमिनीत गेलं पाहिजे म्हणून घरोघरी घाई असते. लहानपणी मी त्या दिवसांत रात्री अंगणात रोहिणी शोधायचो आणि ती कधीच सापडायची नाही. मोठं झाल्यावर कारण समजलं: सूर्य तिच्या घरी असतो, म्हणून ती त्याच्या उजेडात बुडालेली असते. जिच्या नावानं पेरायचं, ती पेरताना दिसत नाही.

ती दिसते सुगीत. कापणी उरकून खळ्यावर मळणी सुरू होते त्या थंडीत, दिवेलागणीनंतर पूर्वेला कृत्तिकांच्या मागोमाग एक तांबूस ठिपका वर येतो. ६५ प्रकाशवर्षं दूर, सूर्याच्या चाळीसपटीहून रुंद, आतलं इंधन संपत आलेला तारा. खाली मेमध्ये त्याच्या नावानं पेरलेल्या भाताची रास पडलेली असते.