त्सुनामी-शिळा

त्सुनामी-शिळा : समुद्राच्या महालाटेत बुडालेल्यांच्या स्मरणार्थ, तसेच पुढील पिढ्यांना सावध करण्यासाठी जपानच्या किनाऱ्यावर उभारलेले कोरीव दगड. मृतांचा शोक आणि वंशजांना ताकीद या दोन्ही गोष्टी पुष्कळदा एकाच दगडावर येतात. त्यामुळे त्यांचे काटेकोर वर्गीकरण करणे कठीण जाते.

यांतील सर्वांत जुनी म्हणून शिकोकू बेटावरील युकी (तोकुशिमा प्रांत) येथील शिळा दाखविली जाते. तिच्यावर कोर्याकू या जपानी कालगणनेतील २ रे वर्ष (इ. स. १३८०) असा कालनिर्देश असून तिचा संबंध १३६१ च्या नानकाई भूकंपाशी जोडतात. मात्र शिळेवर नावे कोरलेली असली, तरी लाटेचा वृत्तांत नाही. मध्ये १९ वर्षांचे अंतरही पडते. या अनुमानाला मोठा आधार आहे तो ‘ताइहेइकी’ या युद्धकथेचा. युकी बंदरातील १,७०० हून अधिक घरे समुद्रात गेल्याचे तीत म्हटले आहे. युद्धकथेतील आकडे जसेच्या तसे घेता येत नाहीत. तथापि स्थळाचा मेळ पाहता शिळा त्याच मृतांची असावी, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

ओसाका येथील ताइशो पुलाजवळच्या १८५५ च्या शिळेबाबत असा प्रश्न उद्भवत नाही. १८५४ च्या भूकंपात घरे कोसळण्याच्या भीतीने लोक होड्यांत जाऊन बसले आणि नदीत शिरलेल्या लाटेने त्या होड्यांचाच चुराडा केला. १७०७ मध्ये हेच घडले होते, पण ते सांगणारे फारसे कोणी उरले नव्हते, अशी खंत लेखात आहे. अक्षरे वाचता यावीत म्हणून दर वर्षी त्यांत शाई भरावी, ही त्यातील विनंती स्थानिक लोक अद्याप पाळतात.

ईशान्येकडील सानरिकू किनाऱ्यावर १८९६ च्या लाटेनंतरच्या (मृत सु. २२,०००) शिळा बहुतांशी मृतांच्या शांतीसाठी आहेत, तर १९३३ नंतरच्या उपदेशपर. या दुसऱ्या गटातील अनेक शिळा ‘आसाही’ वृत्तपत्राने जमविलेल्या देणग्यांतून उभ्या राहिल्या. आनेयोशी येथील शिळा ‘येथून खाली घर बांधू नका’ असे बजावते. १८९६ च्या लाटेतून गावातील २ आणि १९३३ च्या लाटेतून ४ माणसेच वाचली, असेही तीवर नमूद आहे. २०११ ची लाट या शिळेपर्यंत पोहोचली नाही. इतरत्र मात्र मासेमारीच्या सोयीसाठी अनेक वस्त्या पुन्हा खाली सरकल्या होत्या.

२०१९ पासून जपानच्या शासकीय नकाशांवर अशा आपत्तिस्मारकांसाठी स्वतंत्र चिन्ह वापरले जाते.