कोलकात्याच्या कॉलरा संस्थेत प्रकल्प पदासाठी अर्ज करताय? आधी हे कागद तपासा

एम.एस्सी. मायक्रोबायोलॉजी झालेली किंवा डीएमएलटी (वैद्यकीय प्रयोगशाळा तंत्रज्ञानाची पदविका) करून पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करणारी मुलं-मुली गेली काही वर्षं माझ्याकडे अर्ज तपासून घ्यायला येतात. हुशार असतात, हातात कसब असतं, तरी मुलाखतीच्या दाराशीच कागदांवरून बाद होतात. तीस तासांचा रेल्वेप्रवास करून गेलेली मुलगी पाच मिनिटांत परत निघते, तेव्हा फार वाईट वाटतं. म्हणून हे सविस्तर लिहितोय.

आधी नावाचा घोळ. आयसीएमआरने, म्हणजे भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने, १९६२ मध्ये कोलकात्यात कॉलरा रिसर्च सेंटर सुरू केलं. १९७९ मध्ये त्याचं नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ कॉलरा अँड एंटेरिक डिसीजेस झालं, म्हणजे सगळ्यांना माहीत असलेलं नायसेड. आता संस्थेचं नाव नॅशनल इन्स्टिट्यूट फॉर रिसर्च इन बॅक्टेरियल इन्फेक्शन्स आहे, थोडक्यात निर्बी. संस्था तीच, बेलियाघाटातलीच. जुन्या नावाने शोधलं की जुन्या जाहिराती समोर येतात, आणि मुदत संपलेल्या जाहिरातीवर मुलं अर्ज भरत बसतात. जाहिरात संस्थेच्या किंवा आयसीएमआरच्या संकेतस्थळावरच वाचा आणि तिच्यावरची तारीख आधी बघा. व्हॉट्सॲपवर आलेल्या पीडीएफवर विसंबू नका. निवड करून देतो म्हणून फोनवर कुणी पैसे मागितले तर तो फसवतोय, हे पक्कं समजा.

पदं प्रकल्पाची असतात, म्हणजे ठरावीक मुदतीची. कायम नोकरीचा हक्क त्यातून मिळत नाही, हे घरच्यांनाही आधीच सांगा. आयसीएमआरच्या २०२३ च्या नियमांनुसार प्रोजेक्ट रिसर्च सायंटिस्ट-१ या बिगरवैद्यकीय पदाला प्रथम वर्गाची पदव्युत्तर पदवी लागते, किंवा द्वितीय वर्ग असेल तर सोबत पीएच.डी. वयोमर्यादा ३५, मानधन ५६,००० रुपये आणि वर घरभाडे भत्ता. प्रोजेक्ट टेक्निकल सपोर्ट-३ साठी संबंधित विषयातली पदवी आणि तीन वर्षांचा अनुभव, किंवा थेट पदव्युत्तर पदवी. वय ३५, मानधन २८,००० आणि घरभाडे. टेक्निकल सपोर्ट-२ साठी विज्ञान शाखेची बारावी, डीएमएलटीसारखी पदविका आणि पाच वर्षांचा अनुभव. वय ३०, मानधन २०,००० आणि घरभाडे. तरीही तुमच्या हातातल्या जाहिरातीत जे छापलंय तेच अंतिम.

डीएमएलटीवाल्यांनी शेवटची अट नीट बघावी. पाच वर्षांचा अनुभव हवा आणि वय तिशीच्या आत हवं. पदविका एकविसाव्या-बाविसाव्या वर्षी हाती आली असेल तर मधली फार वर्षं वाया घालवून चालत नाही, प्रत्येक महिना मोजला जातो. आणि अनुभव धरतात तो पदविकेचा निकाल लागल्यानंतरचाच. शिकता शिकता लॅबमध्ये केलेलं काम, मग ते कितीही मन लावून केलेलं असो, त्यात येत नाही.

सर्वांत जास्त मुलं अडकतात ती अनुभवाच्या दाखल्यावर. नेमणुकीचं पत्र म्हणजे अनुभवाचा दाखला नव्हे, पगाराची स्लिपही नव्हे. ‘सदर मुलगी आमच्याकडे काम करते, ती होतकरू आहे’ असं लिहिलेलं पत्र डॉक्टरांनी कितीही प्रेमाने दिलं तरी त्याचा उपयोग शून्य. दाखल्यावर लॅबचं लेटरहेड, रुजू झाल्याची तारीख, सोडल्याची तारीख किंवा ‘आजतागायत’, पदाचं नाव, पूर्णवेळ काम होतं का, कामाचं स्वरूप, सही, शिक्का आणि दाखला दिल्याची तारीख हे सगळं हवं. कामाचं स्वरूप म्हणजे नुसतं ‘लॅब वर्क’ नको. कल्चर लावणं, बायोकेमिकल तपासण्या, अँटिबायोटिक सेन्सिटिव्हिटी, पीसीआर, जे केलंय ते नावानिशी लिहून घ्या. मी तर सांगतो, मसुदा स्वतः टाइप करून घेऊन जा, डॉक्टरांना फक्त सही करायची ठेवा. लॅब सोडताना हे करायचं. तीन वर्षांनी गेलात की लॅब बंद पडलेली असते किंवा मालक बदललेला असतो.

दुसरा मोठा अडसर जातीच्या दाखल्याचा, आणि तो खास महाराष्ट्रातल्या मुलांचा. आपल्याकडे राज्याच्या नमुन्यातलं नॉन-क्रिमीलेयर असतं, कॉलेज प्रवेशाला तेच चालतं, म्हणून मुलं तेच जोडतात. ही केंद्राची संस्था आहे. ओबीसीची सवलत हवी तर केंद्र सरकारच्या नमुन्यातलाच दाखला लागतो. ओळखायचा कसा? त्यावर भारत सरकारच्या अखत्यारीतल्या पदांसाठी असा स्पष्ट उल्लेख असतो, आणि मजकुरात ८ सप्टेंबर १९९३ च्या कार्यालयीन ज्ञापनाचा (ऑफिस मेमोरँडम) क्रमांक असतो, ज्यातल्या क्रिमीलेयरमध्ये तुम्ही येत नाही असं अधिकारी लिहून देतो. तो उल्लेख नसेल तर कागद चुकीचा. माझ्याकडच्या एका मुलाला सेतू केंद्रात तीन वेळा राज्याचाच नमुना छापून दिला. तिन्ही वेळा त्याने पैसे भरले, रांग लावली. चौथ्या वेळी केंद्राचा नमुना छापून, त्यातल्या ओळीखाली पेनाने रेघ मारून तो घेऊन गेला, तेव्हा कुठे काम झालं. खिडकीवरच्या माणसाने एकदा कागद वाचला असता तर त्या मुलाचा महिना वाचला असता.

शिवाय तुमची जात केंद्राच्या यादीत आहे का, हे आधी बघा. राज्याची यादी आणि केंद्राची यादी एक नाही. आपल्याकडे भटके-विमुक्त, विशेष मागास असे जे वेगळे प्रवर्ग आहेत ते केंद्रात त्या नावाने नाहीत. त्यातली जात केंद्राच्या ओबीसी यादीत असेल तरच ओबीसी म्हणून अर्ज करता येतो. एसईबीसी (सामाजिक आणि शैक्षणिकदृष्ट्या मागास वर्ग) हा प्रवर्गही राज्यापुरताच, केंद्राच्या अर्जात त्याचा रकाना नसतो. जात पडताळणीची व्हॅलिडिटी जोडली म्हणून केंद्राच्या नमुन्याची गरज संपत नाही, दोन्ही कागद वेगळ्या कामाचे.

उत्पन्नाबाबतही गल्लत होते. ओबीसीत क्रिमीलेयर ठरवताना ८ लाखांच्या मर्यादेत आईवडिलांचा पगार आणि शेतीचं उत्पन्न धरत नाहीत. ईडब्ल्यूएसमध्ये (आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटक) मात्र सगळं धरतात, शेतीसुद्धा, आणि कुटुंबाकडे पाच एकर किंवा जास्त शेतजमीन असली तर दाखलाच मिळत नाही. ईडब्ल्यूएसचा दाखला आधीच्या आर्थिक वर्षाच्या उत्पन्नावर असतो. एप्रिल लागला की गेल्या वर्षीचा घेऊन जाऊ नका.

नावातला फरक हा तिसरा. दहावीच्या गुणपत्रिकेवर आडनाव आधी, आधारवर शेवटी, पदवीवर आईचं नाव जोडलेलं. क्रम बदललेला असेल तर सहसा समजून घेतात, कारण आपल्या मंडळाची ती पद्धतच आहे. पण स्पेलिंग वेगळं असेल, किंवा लग्नानंतर आडनाव बदललं असेल, तर विवाह नोंदणी प्रमाणपत्र किंवा राजपत्रातली नोंद सोबत हवी. नुसत्या प्रतिज्ञापत्रावर दीड-दोन हजार किलोमीटर जाऊ नका.

गुण सीजीपीएत असतील तर टक्केवारी स्वतः काढून लिहू नका. विद्यापीठाचं सूत्र असतं, ते गुणपत्रिकेच्या मागे छापलेलं असलं तर त्या बाजूचीही झेरॉक्स काढा, नसेल तर विद्यापीठाकडून पत्र घ्या. प्रथम वर्गाची अट इथेच तपासली जाते.

नेट झालेल्यांसाठी एवढंच. २०२४ पासून यूजीसी नेटच्या निकालात ‘फक्त पीएच.डी. प्रवेशासाठी पात्र’ असाही गट आहे. त्यातून फेलोशिप मिळत नाही. जेआरएफचं (कनिष्ठ संशोधन फेलोशिप) पत्र हातात असेल तरच तसं लिहा.

तारखांचं. ‘शेवटची तारीख’ म्हणजे अर्ज तिथे पोचण्याची, तुम्ही पोस्टात टाकण्याची नव्हे. वय आणि अनुभव कोणत्या तारखेला मोजणार हे जाहिरातीत एका ओळीत दिलेलं असतं. ती ओळ शोधा आणि कॅलेंडर घेऊन दिवस मोजा. थेट मुलाखत असेल तर नोंदणीची वेळ संपल्यावर दार उघडत नाहीत, गाडी उशिरा आली हे कारण चालत नाही, आणि प्रवासखर्च मिळत नाही. म्हणून केंद्राचा जातीचा दाखला, नावदुरुस्ती, अनुभवपत्रं ही कामं जाहिरात यायच्या आधीच उरकून ठेवा. जाहिरात आल्यावर मिळणाऱ्या दिवसांत तहसील कार्यालयाचं एकही काम होत नाही.

कागद नीट असले की पुढचं सोपं. अर्ज भरणं, फोटो चिकटवणं, झेरॉक्सवर सही करणं हे तुम्हाला येतंच. मुलाखतीला आपण दाखल्यात लिहून घेतलेलं काम तोंडपाठ हवं. टीसीबीएस या कल्चर माध्यमावर कॉलऱ्याच्या जिवाणूच्या, म्हणजे व्हिब्रिओ कॉलरीच्या, वसाहती पिवळ्या का दिसतात (सुक्रोज आंबवतो म्हणून), शौचाचा नमुना लांबून आणायचा तर कॅरी-ब्लेअर माध्यम का वापरतात, अल्कलाइन पेप्टोन वॉटर कशासाठी, हे प्रश्न तुमच्या हातच्या कामातलेच आहेत. पद क्षेत्रकामाचं असेल तर बंगाली येते का हेही विचारू शकतात. येत नसेल तर नाही म्हणा आणि शिकायची तयारी दाखवा.

पुण्याहून आझाद हिंद, मुंबईहून गीतांजली, दोन्ही हावड्याला जातात. बेलियाघाटा सियालदहच्या बाजूला आहे, संसर्गजन्य रोगांच्या आयडी हॉस्पिटलजवळ. मुलाखतीच्या आदल्या दिवशी दुपारपर्यंत पोचेल अशी गाडी धरा. मूळ कागदांची फाइल वरच्या बर्थवर उशाशी ठेवा, मोठ्या बॅगेत नको, आणि त्यांचे फोटो घरी एकाला पाठवून मगच गाडीत बसा.