सोलमधील भूतफेरी

दक्षिण कोरियाची राजधानी सोल येथे अंधार पडल्यावर वाटाड्याबरोबर पायी केली जाणारी सहल. छोटा घोळका जुन्या राजवाड्यांच्या भिंतींलगत, तटाच्या दरवाजांपाशी आणि मागच्या गल्ल्यांतून हिंडतो. ठरावीक जागी थांबून वाटाड्या तिथे कोण मेले, कशामुळे मेले आणि मेल्यावर कोणाला दिसले ते सांगतो. परदेशी पाहुण्यांसाठी अशा फेऱ्या इंग्रजीतूनही होतात. रंग फासून अंगावर धावून येणारे नट हा वेगळा प्रकार असून तो सोलच्या दक्षिणेला योंगिन येथील लोकसंस्कृती-ग्रामात (स्थापना १९७४) पाहायला मिळतो. भूतफेरीत मुख्यतः ऐकायचे असते. आपल्याकडे भुताची गोष्ट पावसाळी रात्री, वीज गेल्यावर रंगते. कोरियात तिचा हंगाम ऐन उन्हाळ्याचा, कारण अंगावर शहारा आला की उकाडा कमी वाटतो अशी तिथली समजूत आहे.

या फेरीत लोककथा आणि मुदांग, म्हणजे कोरियन देवऋषीण, हे दोन्ही विषय येतात. पण अनेकदा ते एकाच पिशवीत कोंबले जातात आणि मुदांग ही भुते पकडणारी मांत्रिक वाटू लागते. तसे ती करत नाही. भूत काय मागते हे ऐकून घेणे, ते जिवंत नातेवाइकांपर्यंत पोहोचवणे आणि दोघांत तडजोड घडवणे हे तिचे काम आहे.

भुतांचे प्रकार

मेलेल्या माणसाच्या भुताला ग्विशिन म्हणतात. त्याच्या मुळाशी ‘हान’ असतो. अन्याय झाला, बोलता आले नाही आणि ते मनात साचून राहिले, अशा घुसमटीला हा शब्द वापरतात. सर्वांत प्रसिद्ध चॉन्यॉ ग्विशिन, म्हणजे लग्नाआधी मेलेल्या मुलीचे भूत. अंगावर पांढरी वस्त्रे (पांढरा हा सुतकाचा रंग) आणि चेहऱ्यावर मोकळे सोडलेले केस. कुमारिकेने वेणी घालायची रीत असल्याने हे मोकळे केसच पाहणाऱ्याला धक्का देत. अविवाहित मुलगीच का, याचे उत्तर श्राद्धात आहे. जेसा हा पितरांचा विधी वंशजांनी करायचा. जिला वंशज नाही तिला पान वाढणार कोण? तसाच मोंगदाल ग्विशिन हा बिनलग्नाच्या पुरुषाचा. काही घराण्यांत अशा दोन मृतांचे एकमेकांशी लग्नही लावत. पूर्व किनाऱ्यावर सामचॉकजवळच्या सिन्नाम गावात समुद्रात बुडालेल्या मुलीची समजूत काढण्यासाठी लाकडी लिंगे वाहण्याची प्रथा होती. तिथे आता त्याच विषयाचे उद्यान आहे आणि पर्यटक खिदळत फोटो काढतात.

मिर्यांगच्या आरांगची गोष्ट बहुतेक वाटाडे सांगतात, आणि सांगावी अशीच ती आहे. आरांग ही तिथल्या न्यायाधिकाऱ्याची मुलगी. तिचा खून होतो, प्रेत लपवले जाते. त्यानंतर त्या गावी नेमणूक झालेला प्रत्येक नवा अधिकारी पहिल्याच रात्री भीतीने मरतो. शेवटी एक धीट अधिकारी दिवा लावून बसतो. ती येते, हकिगत सांगते. दुसऱ्या दिवशी गुन्हेगार पकडला जातो आणि ती पुन्हा कधी दिसत नाही. इथे भूत खुन्याच्या घरी जात नाही, सरकारी कचेरीत जाते. आधीचे अधिकारी तिने मारलेले नसतात, ते ऐकायच्या आधीच घाबरून मेलेले असतात. मिर्यांगमध्ये नदीकाठच्या यॉंगनामनू या मंडपाखाली तिचे छोटे देऊळ आहे.

दालग्याल ग्विशिन, म्हणजे अंडे-भूत, याला चेहराच नसतो. नाक-डोळे नाहीत, नाव नाही, गोष्टही नाही. तक्रारच नाही तर समजूत कशाची काढणार, म्हणून प्रस्तुत लेखकाच्या मते या सगळ्यांत खरे भीतिदायक तेच. तोक्केबी मात्र भूत नव्हे, जरी फेरीत त्याला भुतांतच बसवतात. तो मेलेल्या माणसापासून होत नाही. टाकून दिलेला जुना खराटा, मुसळ अशा वस्तूंपासून होतो. त्याला कुस्तीचा नाद असतो, बकव्हीटच्या (कुट्टूच्या) पिठाची खांडवी आवडते, आणि तो भोळा असल्याने शहाणा शेतकरी त्याला सहज फसवतो. जीव न्यायला येणारा जोसुंग साजा आपल्या यमदूताचा भाऊबंद. काळा झगा आणि काळी रुंद टोपी हे त्याचे आजचे रूप जुने वाटते, पण ते दूरचित्रवाणीवरील लोककथा-मालिकेने रूढ केले. जुन्या धार्मिक चित्रांतले हे दूत रंगीत पोशाखात दिसतात.

मुदांग आणि गुत

मुदांग बहुधा स्त्री असते. पुरुष असेल तर त्याला बाक्सू म्हणतात. मध्य आणि उत्तर भागातल्या परंपरेत ती जन्माने मुदांग होत नाही. आधी सिनब्यॉंग, म्हणजे ‘देवाचे दुखणे’ मागे लागते: अन्न जात नाही, झोप उडते, स्वप्ने पडतात, औषधाचा गुण येत नाही. नेरिम-गुत हा दीक्षाविधी होऊन तिने देव स्वीकारला की दुखणे उतरते, असे मानतात. दक्षिणेत ही वृत्ती घराण्यातून चालत आली. तिथे अंगात येण्यापेक्षा गाण्याला आणि नाचाला मान आहे.

गुत हा तिचा मोठा विधी. जांगू नावाचा मधे बारीक असणारा ढोल, काशाची थाळी, घुंगरांचा जुडगा, पंखा, आणि देवागणिक बदलायचे पोशाख. ‘अंगात येणे’ ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला देव बोलू लागल्याचा क्षण ओळखीचा वाटेल. त्या बोलण्याला गोंगसू म्हणतात. कडबा तोडायच्या धारदार पात्यांवर अनवाणी उभे राहणे हा सर्वाधिक चित्रित झालेला भाग, पण ती विधीची एक पायरी आहे, सगळा विधी नव्हे. देवही नाना तऱ्हेचे. १३८८ मध्ये देहदंड झालेला सेनापती छ्वे यॉंग हा त्यांतला मोठा, आणि इंचॉनच्या बाजूला तर कोरियन युद्धात तिथे सैन्य उतरवणाऱ्या अमेरिकन जनरल मॅकआर्थरलाही काही मुदांग देव मानत आल्या आहेत. तोही सेनापतीच, फक्त परक्या भूमीत लढलेला!

मृतासाठी सोलमध्ये जो गुत करतात त्यात बारी राजकन्येची कथा गातात. सातवी मुलगी झाली म्हणून राजाने टाकून दिलेली ही पोर पुढे त्याच आईबापांना वाचवायला परलोकातून संजीवक पाणी आणते. मग पांढऱ्या कापडाचा लांब पट्टा दोन्हीकडून ताणून धरतात आणि मुदांग तो छातीने फाडत पुढे जाते. मृताला वाट मोकळी झाली.

तटाच्या आत आणि बाहेर

भूतफेरी समजून घ्यायची तर सोलचा तट डोळ्यांसमोर हवा. जोसॉन राजवटीत (१३९२–१९१०) कन्फ्यूशियस मताच्या दरबाराने मुदांगला सर्वांत खालच्या थरात ढकलले आणि राजधानीच्या तटाच्या आत राहायला बंदी केली. कर मात्र तिच्याकडूनही घेतला. आग्नेयेचा छोटा दरवाजा ग्वांगहीमुन. शहरातली प्रेते यातून बाहेर नेत, म्हणून लोक त्याला सिगुमुन, प्रेतदरवाजा म्हणत. मुदांगच्या वस्त्या त्याच्याच बाहेर होत्या. त्या भागाचे नाव सिन्दांग, म्हणजे ‘देवघर’. १८९४ च्या सुधारणांच्या काळात उच्चार तोच ठेवून पहिले चिनी अक्षर बदलले आणि अर्थ झाला ‘नवे घर’. आज सिन्दांग तिखट त्तॉकबोक्कीच्या (तांदळाच्या पिठाच्या कांड्यांचा पदार्थ) गल्लीसाठी प्रसिद्ध आहे आणि अलीकडे तिथे मुदांगच्या देवघराची सजावट केलेला बारही निघाला.

बंदी असली तरी राजवाड्याला मुदांग लागतच होती. याची साक्ष छांगग्यॉंगगुंग हा राजवाडा देतो, आणि तो रात्री ९ पर्यंत खुला असल्याने फेरीला सोयीचाही आहे. १७०१ मध्ये राणी इन्ह्यॉन वारली. राजा सुकजोंगची दुसरी स्त्री जांग ही-बिन हिने आपल्या छ्वीसॉनदांग या महालात गुप्त देवघर मांडून मुदांगकरवी राणीवर करणी केली, असा आरोप झाला. राजाने तिला प्राण देण्यास फर्मावले. याच परिसरात पुढे युवराज सादो वाढला. १७६२ च्या उन्हाळ्यात त्याचा बाप राजा यॉंगजो याने त्याला तांदळाच्या लाकडी पेटीत कोंडले. आठ दिवसांनी तो मेला. त्याची पत्नी ह्येग्यॉंग हिने आठवणी लिहून ठेवल्या आहेत. ज्या महालात ही-बिनने करणी केली तिथेच युवराजाचे स्वयंपाकघर थाटले गेले, याची तिला आयुष्यभर खंत होती. तटाबाहेर घालवलेली मुदांग दरबारी बाईच्या लेखणीत अशी परत आली. १९०९ मध्ये जपान्यांनी याच राजवाड्यात प्राणिसंग्रहालय काढले. पिंजरे १९८० च्या दशकात हलवले. वाटाडे हेही सांगतात, कारण राजवाड्याच्या अपमानाची गोष्ट इथे भुताच्या गोष्टीहून वेगळी नसते. ग्यॉंगबोकगुंग या दुसऱ्या राजवाड्याच्या उत्तर टोकाला ८ ऑक्टोबर १८९५ रोजी जपानी मारेकऱ्यांनी राणी मिनचा खून करून प्रेत जाळले, तीही याच माळेतली.

जुन्या घरांचा बुकछोन हा भाग छायाचित्रांत भूतकथेला साजेसा दिसतो, पण तिथे माणसे राहतात. पर्यटकांच्या त्रासाला कंटाळून नगरपालिकेने त्याच्या गाभ्यातल्या गल्लीत सकाळी १० ते संध्याकाळी ५ एवढीच मुभा ठेवली. मार्च २०२५ पासून हा नियम मोडणाऱ्याला एक लाख वॉन दंड आहे. त्यामुळे रात्रीच्या फेऱ्यांना ती गल्ली बंद झाली.

इनवांगसान आणि आजची मुदांग

फेरीत सहसा न येणारी, पण विषयाचा गाभा असलेली जागा म्हणजे ३३८ मीटर उंचीच्या इनवांगसान डोंगरावरचे गुकसादांग हे देऊळ. ते मूळचे नामसान टेकडीवरचे. तिथे जपान्यांनी आपले शिंतो मंदिर उभारले तेव्हा, १९२५ मध्ये, ते उचलून इथे आणले. मेट्रोच्या दोंगनिममुन स्थानकातून निघून उंच इमारतींमधून चढत गेले की वर ढोल ऐकू येतो. इथे दिवसा जावे. गुत चालू असेल तर तो कोणाच्या तरी घरच्या दुःखासाठी, त्यांच्या पैशाने चाललेला असतो. कॅमेरा काढण्याआधी विचारणे बरे.

१९७० च्या दशकात नव्या गावाच्या सरकारी मोहिमेत अंधश्रद्धा म्हणून गावोगावची देवळे पाडली गेली, मुदांगवर पोलीस गेले. पुढे सरकारनेच गुतला वारसा ठरवले: पश्चिम किनाऱ्याच्या कोळ्यांच्या गुतसाठी किम गुम-ह्वा (१९३१–२०१९) हिला १९८५ मध्ये राष्ट्रीय मान मिळाला, आणि जेजू बेटावरचा वाऱ्याच्या देवीचा गुत २००९ मध्ये युनेस्कोच्या यादीत गेला. २०२४ मध्ये मुदांग आणि थडगे उकरण्याची कथा असलेला ‘पाम्यो’ हा चित्रपट कोरियात एक कोटीहून अधिक लोकांनी पाहिला.

सोलच्या गुतचा शेवटचा भाग द्विजॉन. मोठे देव गेले, घरचे पितर गेले, पाहुणे पांगू लागले की मुदांग भरजरी पोशाख उतरवून साध्या कपड्यांत अंगणात किंवा दाराबाहेर येते. बाळंतपणात, पाण्यात, रस्त्यावर मेलेली, कोणी बोलावलेली नसलेली भुते तिथे जमलेली असतात. त्यांच्याशी ती थट्टामस्करी करते, उरलेले अन्न त्यांच्या दिशेने टाकते आणि त्यांना वाटेला लावते.