झगझगीत गोळा आणि त्याच्या मुठीतला काळ

अवकाशात तरंगणारा एक तेजस्वी गोळा. त्याच्याजवळ तासभर थांबून परत यावं, तर इकडे वर्ष उलटून गेलेलं. विज्ञानकथांमध्ये आणि व्हिडिओ गेममध्ये ही वस्तू वेगवेगळ्या नावांनी हमखास भेटते. वाचणाऱ्याला शंका येते ती काळाच्या करामतीची. खरं तर भौतिकशास्त्राला ती मान्य आहे. अवघड प्रश्न आहे तो झगझगाटाचा.

आइन्स्टाइनने १९१५ मध्ये मांडलेल्या व्यापक सापेक्षता सिद्धांतानुसार गुरुत्वाकर्षणाच्या खड्ड्यात जितकं खोल जावं तितका काळ सावकाश चालतो. सूर्याच्या पृष्ठभागावर घड्याळ ठेवता आलं, तर ते दूरच्या घड्याळाच्या तुलनेत वर्षाला मिनिटभर मागे पडेल. व्याधाचा जोडीदार तारा हा श्वेतबटू आहे. आकाराने पृथ्वीएवढा, पण वस्तुमान जवळपास सूर्याइतकं. तिथे रोज २३ सेकंदांचा फरक पडेल. न्यूट्रॉन ताऱ्यावर मात्र हिशेब वर्षांत जातो. सूर्याच्या १.४ पट वस्तुमान १२ किलोमीटर त्रिज्येत कोंबलेलं असेल, तर त्याच्या पृष्ठभागावर १० वर्षं होईपर्यंत बाहेर १२ वर्षं उलटलेली असतील. तिथे उभ्या असलेल्या माणसाला (तो चिरडून जाणार नाही असं घटकाभर मानू) काहीच वेगळं जाणवणार नाही. फरक कळतो तो परतल्यावर, दोन घड्याळं शेजारी ठेवली की.

आता प्रकाश. प्रकाशाची लहर हीसुद्धा एक टिकटिकच असते. त्यामुळे जिथे घड्याळ मंदावतं तिथून निघालेला प्रकाशही बाहेरच्याला मंदावलेला दिसतो: त्याची तरंगलांबी वाढते, तो वर्णपटाच्या तांबड्या टोकाकडे सरकतो. याला ताम्रसृती म्हणतात. शिवाय नुकसान दोनदा होतं. प्रत्येक प्रकाशकण दुबळा होऊन पोहोचतो आणि दर सेकंदाला पोहोचणाऱ्या कणांची संख्याही घटते. काळ दुपटीने मंदावला, तर गोळ्याचं बाहेर पोहोचणारं तेज चौपटीने घटतं.

कथेतल्या गोळ्याला हा हिशेब लावून पाहा. एका तासाला एक वर्ष, म्हणजे सुमारे ८,७६६ पट. गोळ्याचं तेज ७ कोटी पटींहून अधिक घटलेलं. पृष्ठभागावरून निघालेल्या हिरव्या प्रकाशाची तरंगलांबी ताणून ४ मिलिमीटरच्या पुढे गेलेली. हा प्रकाश डोळ्यांना दिसायचा नाही, त्याला रेडिओ दुर्बीण हवी. दुरून तो सूर्यासारखा पिवळट-पांढरा दिसावा असा हट्टच असेल, तर त्याचं तापमान ५ कोटी अंशांच्या घरात न्यावं लागेल. सूर्याच्या गाभ्यातही ते दीड कोटीच आहे. मग जवळ गेलेल्या प्रवाशावर क्ष-किरणांचा असा मारा होईल, की परत येऊन घड्याळं जुळवायला तो उरणार नाही.

आणि असा गोळा टिकणार तरी कसा? भौतिकशास्त्रज्ञ हान्स बुखडाल यांनी १९५९ मध्ये दाखवून दिलं, की आतून बाहेर घनता कमी होत जाणाऱ्या द्रवासारख्या गोळ्याला आकुंचनाची एक मर्यादा आहे. त्या मर्यादेवर पृष्ठभागाचं घड्याळ तिपटीने मंदावतं. तासाला तीन तास, बस्स. त्यापुढे कोणताही आतला दाब त्याला सावरू शकत नाही. तो कोसळून कृष्णविवर होतो. मग कृष्णविवराजवळच जायचं म्हटलं, तर सूर्याच्या दहापट वस्तुमानाच्या कृष्णविवराच्या क्षितिजापासून (म्हणजे जिच्या आतून प्रकाशही बाहेर येत नाही त्या सीमेपासून) जेमतेम ७ मीटरवर तरंगत राहिल्यावर तासाचं वर्ष होईल. तिथे आपलं वजन कोटीच्या कोटी पटींहूनही जास्त भरेल.

उलटी करामत, म्हणजे जवळच्या माणसाला झपाट्याने म्हातारा करणारा गोळा, तर बादच. साधं वस्तुमान काळ फक्त मंदावतं. वेग वाढवायला ऋण वस्तुमान लागेल, आणि तसं काही आजवर सापडलेलं नाही.

या चर्चेला एक खराखुरा इतिहास आहे आणि मला तो कल्पनेपेक्षा जास्त रंजक वाटतो. १९६३ मध्ये खगोलशास्त्रज्ञ मार्टिन श्मिट यांनी ‘३सी २७३’ या ताऱ्यासारख्या दिसणाऱ्या वस्तूचा वर्णपट उलगडला. त्यातल्या रेषा (वायूतली मूलद्रव्यं ठरावीक तरंगलांबीवर उमटवतात त्या खुणा) जवळपास १६ टक्के तांबड्याकडे सरकलेल्या! एक शक्यता अशी, की ही वस्तू अतिशय दूर आहे आणि विश्वाच्या प्रसरणामुळे प्रकाश ताणला गेलाय. दुसरी अशी, की हा जवळचाच, जेमतेम १० किलोमीटर त्रिज्येचा तारा आहे आणि त्याच्या गुरुत्वाकर्षणाने काळ मंदावलाय. म्हणजे आपला तेजस्वी गोळाच, गंभीर शोधनिबंधात विचाराला घेतलेला. तो बाद ठरला तो रेषांमुळे. त्यातल्या काही रेषा अत्यंत विरळ वायूतूनच येऊ शकतात. अशा ताऱ्यावरचा वायू तर कमालीचा दाटलेला असणार. शिवाय वेगवेगळ्या उंचीवर काळ वेगवेगळा मंदावत असल्याने रेषा फासल्या जायला हव्या होत्या, तशा त्या नव्हत्या. १९६५ मध्ये ‘३सी ९’ या तशाच वस्तूचा वर्णपट उलगडला. त्याच्या प्रकाशाची तरंगलांबी तिपटीहून किंचित जास्त ताणलेली होती, म्हणजे बुखडाल यांच्या मर्यादेपलीकडे.

या वस्तू म्हणजे क्वासार. त्यांच्या केंद्रात अजस्र कृष्णविवर असतं आणि झगझगाट असतो तो त्याभोवती गरगरणाऱ्या तप्त वायूच्या तबकडीचा. काळ फार मंदावण्याआधीच बहुतेक प्रकाश तिथून निसटतो. बहुतेक, पण सगळा नाही. १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निरीक्षणांत ‘आस्का’ या जपानी उपग्रहाने ‘एमसीजी-६-३०-१५’ या दीर्घिकेच्या केंद्रातून येणारी लोहाची क्ष-किरण रेषा नोंदवली. ती कमी ऊर्जेच्या बाजूला लांबवर फासली गेली होती. श्मिट यांना जी खूण मिळाली नव्हती ती इथे मिळाली, कारण हा प्रकाश तबकडीच्या अगदी आतल्या कडेवरून आला होता.