डीएलएल मिसिंग आली? ती एकटी फाईल शोधत फिरू नका

नवीन सॉफ्टवेअर टाकलं, आयकॉनवर डबल क्लिक केलं आणि समोर बॉक्स आला की व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडत नाही. मग बहुतेक जण काय करतात, तर ते नाव सर्चमध्ये टाकतात, जी पहिली साईट दिसेल तिथून ती एकटी फाईल उतरवतात आणि सिस्टिम३२ या विंडोजच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये टाकून मोकळे होतात. कृपया हे करू नका. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात अशी कोडची फाईल, तो चालणारा कोड असतो, जो प्रोग्राम ती लोड करेल त्याचे सगळे अधिकार तिला आपोआप मिळतात, आणि ती फाईल कुठून आली, तिच्यात कोणी काय घुसवलंय हे बघून कळत नाही.

मुळात ही फाईल वेगळी ठेवतातच कशाला? फाईल उघडणं, विंडो काढणं, अक्षरं दाखवणं ही कामं जवळजवळ प्रत्येक प्रोग्रामला लागतात, म्हणून तो कोड एका जागी ठेवायचा आणि सगळ्यांनी वापरायचा. विंडोजवर त्याला डीएलएल म्हणतात, लिनक्सवर डॉट एसओ, मॅकवर डायलिब. फायदा मोठा आहे, दहा प्रोग्राम चालू असले तरी त्या कोडची रॅममध्ये साधारण एकच कॉपी पुरते, आणि त्यात सिक्युरिटीची चूक निघाली तर एक फाईल बदलली की सगळ्यांचं काम होतं.

प्रत्येक ईएक्सई फाईलच्या, म्हणजे प्रोग्रामच्या मुख्य फाईलच्या आत एक यादी असते, मला कुठल्या डीएलएल लागतात आणि त्यातली कुठली फंक्शन्स (एकेक काम करणारे कोडचे तुकडे) लागतात याची. क्लिक केल्यावर विंडोजचा लोडर ती यादी वाचतो आणि एकेक नाव शोधायला लागतो, सहसा आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये, मग सिस्टिम३२, मग विंडोजचं फोल्डर, शेवटी पाथमधली, म्हणजे विंडोजच्या शोधायच्या यादीतली फोल्डर्स. यातलं एक जरी नाव मिळालं नाही तरी तो तिथेच थांबतो, प्रोग्राम सुरूच झालेला नसतो. म्हणून प्रोग्रामची सेटिंग्ज बदलून काही होत नाही.

आता वरचंच उदाहरण घ्या. ती फाईल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लसमध्ये बनवलेल्या प्रोग्रामना लागणाऱ्या रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजमधली आहे, आणि २०१५ ते २०२२ या व्हर्जन्सना एकच पॅकेज चालतं, ते मायक्रोसॉफ्टच्या साईटवर फुकट आहे, तेच टाकायचं. नावापुढे अंडरस्कोर १ दिसला तर पॅकेज बहुधा जुनं आहे, कारण ती फाईल २०१९ च्या व्हर्जनपासून आली, नवीन पॅकेज टाकलं की झालं. आणि १४० च्या पुढे डी असेल तर चूक तुमची नाहीच, डेव्हलपरने डीबग बिल्ड, म्हणजे स्वतःच्या चाचणीसाठीची आवृत्ती पाठवलीय, त्यालाच सांगा.

एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही पॅकेजेस टाका, कारण ३२ बिट प्रोग्रामला ६४ बिट डीएलएल चालत नाही. इथे विंडोजने मोठाच घोळ करून ठेवलाय, ६४ बिट विंडोजवर सिस्टिम३२ मध्ये ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या सिसवॉव६४ मध्ये! चुकीच्या ठिकाणी चुकीची फाईल गेली की ०एक्ससी०००००७बी हा एरर येतो तो बऱ्याचदा यामुळेच.

'एंट्री पॉइंट सापडला नाही' असं आलं तर मात्र फाईल जागेवर आहे, फक्त तिच्यात हवं ते फंक्शन नाही, म्हणजे व्हर्जनचा गोंधळ. प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये कोणी जुनी कॉपी टाकलीय का बघा, कारण लोडर आधी तिथेच बघतो. फाईल विंडोजची स्वतःचीच असेल तर ॲडमिन म्हणून उघडलेल्या कमांड प्रॉम्प्टमध्ये एसएफसी /स्कॅननाऊ ही विंडोजच्या फाईली तपासून दुरुस्त करणारी कमांड चालवा, पण ते इतर कंपन्यांच्या डीएलएल दुरुस्त करत नाही. आणि अँटीव्हायरसचं क्वारंटाइन (संशयित फाईली वेगळ्या ठेवायची जागा) पण एकदा तपासा, कधीकधी फाईल त्यानेच उचललेली असते.

लिनक्सवर हेच शोधणं सोपं आहे, एलडीडी कमांडला प्रोग्रामचं नाव दिलं की लागणाऱ्या लायब्ररींची यादी येते आणि जी मिळाली नाही तिच्यापुढे नॉट फाउंड लिहिलेलं असतं, मात्र अनोळखी प्रोग्रामवर एलडीडी चालवू नका. मग पॅकेज मॅनेजरमधून ते पॅकेज टाकायचं. दुसऱ्या व्हर्जनच्या फाईलला लिंक करून त्या नावाने खपवायचा सल्ला खूप जण देतात, पण नावातला आकडा बदलला म्हणजे आतली रचना बदललेली असू शकते, तेव्हा प्रोग्राम उघडेल कदाचित, आणि मग चालता चालता मध्येच क्रॅश होईल.