झिमरमान तार
झिमरमान तार : पहिल्या महायुद्धात जर्मनीचे परराष्ट्रमंत्री आर्थर झिमरमान (जर्मन उच्चार त्सिमरमान) यांनी १६ जानेवारी १९१७ रोजी पाठवलेली सांकेतिक तार. ती वॉशिंग्टनमधील राजदूत बेर्नश्टोर्फ यांच्यामार्फत मेक्सिकोतील जर्मन वकील (राजनैतिक प्रतिनिधी) एकार्ट यांच्याकडे जायची होती. अमेरिका युद्धात उतरलीच, तर मेक्सिकोने जर्मनीशी युती करावी असा प्रस्ताव तीत होता. ब्रिटिश नौदलाच्या संकेतभेद शाखेने (‘रूम ४०’) ती टिपून उलगडली आणि १ मार्च रोजी ती अमेरिकी वृत्तपत्रांत झळकली.

प्लेस येथील जर्मन लष्करी मुख्यालयात ९ जानेवारी रोजी झालेल्या बैठकीत, १ फेब्रुवारीपासून अनिर्बंध पाणबुडीयुद्ध (तटस्थ देशांची जहाजेही इशारा न देता बुडवणे) सुरू करायचे असे ठरले. त्यामुळे अमेरिका चिडणार हे बर्लिनला पुरते ठाऊक होते. तिला तिच्याच दक्षिण सीमेवर गुंतवून ठेवावे, हा त्यावरचा तोडगा. जनरल पर्शिंगच्या अमेरिकी फौजा मार्च १९१६ पासून मेक्सिकोच्या हद्दीत होत्या. मेक्सिकोचे अध्यक्ष कारांसा यांनी नोव्हेंबरमध्ये जर्मनीकडे जवळिकीसाठी विचारणाही केली होती. कल्पना झिमरमानची की त्यांच्या खात्याची, याविषयी दुमत आहे. मसुदा खात्यातील अधिकारी केमनिट्झ यांनी बनवला व मंत्र्यांनी फारसा खल न करता त्यावर सही केली, हे मत अधिक पटणारे आहे.

मजकूर आखूड आहे. युद्ध बरोबरीने करायचे, तहही बरोबरीनेच. भरघोस आर्थिक मदत. टेक्सस, न्यू मेक्सिको व ॲरिझोना हे गमावलेले प्रदेश मेक्सिकोने परत जिंकण्यास जर्मनीची संमती. आणि जपानला या बाजूस वळवण्यासाठी मेक्सिकोच्या अध्यक्षांनी मध्यस्थी करावी. कॅलिफोर्नियाचे नाव तारेत नाही, जरी ते पुष्कळदा जोडले जाते. ‘संमती’ आणि ‘जिंकून देणे’ यांतला फरकही सहसा लक्षात घेतला जात नाही.

मार्ग : प्रस्ताव मुळात ‘डॉइचलान्ट’ या व्यापारी पाणबुडीतून पत्ररूपाने जायचा होता. ती फेरी रद्द झाली व तारेवाचून इलाज उरला नाही. जर्मनीच्या समुद्री तारवाहिन्या ब्रिटनने युद्ध पुकारल्यानंतर काही तासांतच, ५ ऑगस्ट १९१४ च्या पहाटे, इंग्लिश खाडीत कापल्या होत्या. हे काम ‘टेल्कोनिया’ जहाजाने केले असे जुने ग्रंथ सांगतात. ते ‘अलर्ट’ होते हे आता मान्य झाले आहे. तार नेमकी कोणत्या वाटेने गेली हा वाद मोठा. स्वीडनच्या परराष्ट्र खात्यामार्फत स्टॉकहोम–ब्वेनोस आइरेस–वॉशिंग्टन असा फेरा जर्मनी वापरत असे, आणि झिमरमान तार त्या व इतर मार्गांनीही गेली असे दीर्घकाळ मानले गेले. अलीकडच्या अभ्यासकांना मात्र एकाच मार्गाचा भक्कम पुरावा दिसतो : बर्लिनमधील अमेरिकी वकिलात, कोपनहेगन, लंडन, वॉशिंग्टन. शांततेच्या बोलण्यांना गती यावी म्हणून अध्यक्ष विल्सन यांनी जर्मनीला आपल्या खात्याच्या तारा वापरू दिल्या होत्या. म्हणजे अमेरिकेविरुद्धचा प्रस्ताव अमेरिकेच्याच टपालातून गेला. आणि हा मार्ग लंडनवरून जात असल्याने तो ब्रिटिशांच्या हाती आयताच लागला.

संकेत : बर्लिन–वॉशिंग्टन टप्प्यासाठी ००७५ हा नवा संकेतकोश (शब्दांऐवजी अंक देणारी यादी) वापरला होता. त्यात शब्दांचा वर्णानुक्रम आणि अंकांचा क्रम यांचा परस्परसंबंध पूर्ण तोडलेला असल्याने एका शब्दाचा अर्थ लागला तरी शेजारच्या अंकाचा अंदाज येत नसे. १७ जानेवारी रोजी नायजेल डी ग्रे व विल्यम माँटगोमेरी यांना त्यामुळे तार अर्धीमुर्धीच वाचता आली. मेक्सिकोतील जर्मन वकिलातीत मात्र हा कोश नव्हता. म्हणून बेर्नश्टोर्फ यांनी १९ जानेवारी रोजी तोच मजकूर १३०४० या जुन्या कोशात पुन्हा बांधून वेस्टर्न युनियन या अमेरिकी तार कंपनीमार्फत, गॅल्व्हस्टनमार्गे, पुढे धाडला. जुन्या कोशात शब्द तुकड्यातुकड्यांनी वर्णानुक्रमाने लावलेले होते. रूम ४० ने त्याचा मोठा भाग आधीच जुळवला होता. या प्रतीत ६७८९३ म्हणजे मेक्सिको, ३६४७७ म्हणजे टेक्सस. १९१२ मध्ये राज्य झालेल्या ॲरिझोनाला स्वतंत्र अंक वापरलेला नाही. ५४५४, १६१०२, १५२१७, २२८०१ अशा चार गटांत ते नाव अक्षरे जोडून लिहिले आहे.

१३०४० चे ज्ञान कोठून आले? इराणमध्ये १९१५ साली जर्मन हस्तक वासमुस याचे सामान पकडले गेले व लंडनच्या इंडिया ऑफिसात पडून राहिलेल्या त्या सामानात कोश सापडला, ही गोष्ट बहुतेक लोकप्रिय वृत्तान्तांत आढळते. ती रंजक आहे, पण तिच्यावर फार भार टाकू नये. कोश मुख्यतः टिपलेल्या तारांच्या विश्लेषणातून उभा राहिला असावा.

प्रकटीकरण : नौदल गुप्तवार्तेचे प्रमुख कॅप्टन हॉल यांच्यापुढे दोन अडचणी होत्या. तार उघड केली तर जर्मन कोश बदलणार. आणि आपण अमेरिकी तारवाहिनी चोरून वाचतो हे अमेरिकेला कळणार. ५ फेब्रुवारीपर्यंत त्यांनी परराष्ट्र कार्यालयालाही सांगितले नाही. त्या दिवशी ज्यांना सांगितले ते कायम उपसचिव म्हणजे भारताचे माजी व्हाइसरॉय लॉर्ड हार्डिंग. उपाय म्हणून मेक्सिको शहराच्या तारघरातून दुसऱ्या (वॉशिंग्टन–मेक्सिको) टप्प्याची प्रत मिळवण्यात आली. तिच्यावरची तारीख, क्रमांक आणि मथळा बर्लिनच्या तारेहून वेगळे असल्याने ती छापली गेली तर फितुरी अमेरिकेत किंवा मेक्सिकोत झाली असे जर्मनांना वाटावे, असा हा डाव होता. २३ फेब्रुवारी रोजी परराष्ट्रमंत्री बॅल्फर यांनी उलगडा अमेरिकी राजदूत पेज यांच्या हाती दिला. पुढे वेस्टर्न युनियनकडून मूळ तार मिळवून ती लंडनमधील अमेरिकी वकिलातीच्या आवारात, अमेरिकी अधिकाऱ्याच्या हातून, डी ग्रे यांच्या मदतीने पुन्हा उलगडण्यात आली. वकिलातीची जागा अमेरिकी भूमी धरली गेली. ‘आमच्याच माणसांनी उलगडली’ असे वॉशिंग्टनला खोटे न बोलता म्हणता आले.

डाव साधला. बर्लिनने मार्चअखेर एकार्ट यांच्याकडे खुलासा मागितला. त्यांनी कळवले की मूळ कागद जाळले जातात. तारा रात्री घरी सचिव हलक्या आवाजात वाचून दाखवतो. नोकराला जर्मन येत नाही आणि तो बाजूच्या इमारतीत झोपतो. बर्लिनचे समाधान झाले. कोश फुटला असेल ही शंका मागेच पडली.

परिणाम : तार बनावट असल्याचा आरोप अमेरिकेत लगेच झाला. ३ मार्च रोजी झिमरमान यांनी स्वतःच ती खरी असल्याचे कबूल केले. नाकारली असती तर ब्रिटनला ती सिद्ध करणे जड गेले असते. २९ मार्च रोजी राइशस्टागमध्ये (जर्मन संसदेत) त्यांनी समर्थन केले की प्रस्ताव अमेरिकेने युद्ध पुकारल्यासच लागू होता. हे पूर्ण खरे नव्हे, कारण ५ फेब्रुवारीच्या दुसऱ्या तारेत युतीची बोलणी ताबडतोब सुरू करण्यास सांगितले होते. अमेरिकेने ६ एप्रिल रोजी युद्ध पुकारले. त्यात तारेचा वाटा किती यावर मतभेद आहेत. मार्चच्या मध्यास जर्मन पाणबुड्यांनी बुडवलेली अमेरिकी जहाजे हे अधिक निकटचे कारण दिसते. पाणबुडीच्या प्रश्नाविषयी उदासीन असलेल्या नैर्ऋत्येकडील राज्यांत मात्र तारेने मत फिरवले असावे.

मेक्सिकोच्या बाजूची माहिती त्रोटक आहे. कारांसा यांनी प्रस्ताव तपासून घेतला. जर्मन पैशाने शस्त्रे विकत घ्यायची तर ती अमेरिकेखेरीज मिळणार कोठून आणि ब्रिटिश नाकेबंदीतून येणार कशी, याला उत्तर नव्हते. टेक्सस मिळालाच तरी तेथील इंग्रजीभाषक शस्त्रधारी वस्ती ताब्यात ठेवणे अवघड होते. १४ एप्रिल १९१७ रोजी त्यांनी नकार कळवला. झिमरमान ऑगस्टमध्ये पदावरून गेले.